डिजिटल वस्तू विकायला प्लॅटफॉर्म कोणता घ्यावा? नेहमी विचारले जाणारे प्रश्न

मी मराठी मुळाक्षरं गिरवायच्या वह्या विकते. कागदाच्या नाहीत, पीडीएफ. घेणारे घरी प्रिंट काढतात आणि पोरांपुढे ठेवतात. माझ्या गिऱ्हाइकांचे दोन तट आहेत. एक नाशिक, सांगली, ठाण्याकडच्या आया, ज्या यूपीआयने ९९ रुपये टाकतात. दुसरे अमेरिका-इंग्लंडमधले आईबाप, ज्यांची मुलं रविवारच्या मराठी शाळेत जातात. ते कार्डाने पैसे देतात. हे दोन्ही तट सांभाळताना मी चार ठिकाणी ऑनलाइन दुकान मांडलं आणि दोन ठिकाणचं उठवलं. आता ओळखीत कुणी पाककृतींचं ई-पुस्तक काढलं, ठिपक्यांच्या रांगोळीचे नमुने केले किंवा लग्नपत्रिकेचं टेम्प्लेट बनवलं की फोन मला येतो. प्रश्न तेच असतात, म्हणून एकदाच लिहून ठेवते.

सगळ्यात चांगला प्लॅटफॉर्म कोणता?

याचं उत्तर मी प्रश्नानेच देते: तुमचं गिऱ्हाईक पैसे कशाने देणार? कमिशन किती, दुकान दिसायला कसं, हे सगळं त्यानंतर.

कारण असं की बहुतेक परदेशी प्लॅटफॉर्म पैशांसाठी पेपॅल किंवा स्ट्राइपवर उभे आहेत. पेपॅलने १ एप्रिल २०२१ पासून भारतातल्या भारतात होणारे व्यवहार बंद केले. म्हणजे तुमची मावशी कोल्हापुरातून तुम्हाला पेपॅलने पैसे देऊ शकत नाही, अमेरिकेतल्या एडिसन गावचा भाचा देऊ शकतो. स्ट्राइपने मे २०२४ पासून भारतात नवी खाती फक्त निमंत्रणावर द्यायला सुरुवात केली. त्यामुळे यूट्यूबवरचा अमेरिकन माणूस 'पाच मिनिटांत दुकान सुरू करा' म्हणतो, तेव्हा ती पाच मिनिटं त्याची असतात, तुमची नाहीत.

माझ्यापुरता निष्कर्ष: रुपयांतली विक्री भारतीय गेटवेवर (म्हणजे गिऱ्हाइकाचे ऑनलाइन पैसे आपल्या खात्यात पोचवणारी सेवा), डॉलरांतली परदेशी प्लॅटफॉर्मवर. दोन दुकानं सांभाळायचा व्याप आहे खरा. पण एकाच दुकानात दोन्ही कोंबायला गेले तेव्हा सांगलीची गिऱ्हाइकं कार्डाचा नंबर मागणाऱ्या पानावर येऊन परत जात होती.

सध्या मी क्यूआर कोड देते आणि पैसे आले की ड्राइव्हची लिंक व्हॉट्सॲपवर पाठवते. तेवढं पुरत नाही का?

पहिल्या वीस-तीस गिऱ्हाइकांपर्यंत छान पुरतं, आणि तिथूनच सुरुवात करावी असं माझं मत आहे. वस्तू विकली जाते की नाही हे कळायच्या आत प्लॅटफॉर्मची वर्गणी भरत बसणं म्हणजे लग्न ठरायच्या आधी हॉल बुक करणं.

पण पुढे त्रास सुरू होतो. रात्री साडेअकराला मेसेज येतो, 'ताई पैसे टाकलेत, लिंक येईना.' तुम्ही झोपलेल्या असता. सकाळी उठून बघावं तर तिने दुसऱ्या जीमेलवरून ड्राइव्ह उघडलेलं असतं आणि 'ॲक्सेस मागितला आहे' अशा तीन मेल पडलेल्या असतात. शिवाय पैसे भरल्याचा खोटा स्क्रीनशॉट. मला दोनदा आला. दुसऱ्या वेळी तारीख नीट वाचली तेव्हा कळलं की तो आधीच्याच स्क्रीनशॉटवर नाव बदलून केलेला होता. तेव्हापासून स्क्रीनशॉटवर विश्वास नाही. बँकेचा मेसेज किंवा ॲपमधली नोंद बघते.

दिवसाला दोनपेक्षा जास्त लिंका हाताने पाठवाव्या लागल्या की प्लॅटफॉर्म घ्या. तुमची झोपही हिशेबात धरायला हवी.

५ टक्के, १० टक्के, त्यात एवढा फरक काय पडतो?

टक्क्यांपेक्षा त्यामागे जोडलेली ठरावीक रक्कम जास्त मारते. गमरोड या परदेशी प्लॅटफॉर्मचा दर बघा: थेट लिंकवरून झालेल्या विक्रीवर १० टक्के आणि वर ५० सेंट. तेच गिऱ्हाईक त्यांच्या 'डिस्कव्हर' बाजारातून आलं तर ३० टक्के. डॉलर सोयीसाठी ९० रुपये धरू. माझी ९९ रुपयांची वही तिथे विकली तर १० टक्क्यांचे ९ रुपये ९० पैसे आणि ५० सेंटचे ४५ रुपये, म्हणजे साधारण ५५ रुपये गेले. माझ्या पदरात फार तर ४४. निम्म्याहून कमी!

आता तोच हिशेब ९९९ रुपयांच्या संचावर करा. १०० अधिक ४५, म्हणजे १४५ गेले आणि फार तर ८५४ उरले. साडेचौदा टक्के, सोसण्यासारखं.

म्हणून तिथे मी सुटी वही ठेवतच नाही. स्वर, व्यंजनं, बाराखडी आणि जोडाक्षरं असा चार वह्यांचा संच ठेवते. परदेशातल्या आईलाही तेच हवं असतं. तिला चारदा कार्ड काढायचा कंटाळा येतो.

भारतीय गेटवेवर चित्र वेगळं आहे. रेझरपेचा सर्वसाधारण दर २ टक्के, आणि त्या शुल्कावर १८ टक्के जीएसटी. ९९ वर २ रुपये ३४ पैसे. इथे एक गैरसमज हमखास निघतो: 'यूपीआयला शुल्क शून्य आहे ना?' जानेवारी २०२० पासून बँकांचा यूपीआयवरचा एमडीआर, म्हणजे विक्रेत्याकडून घ्यायचं शुल्क, शून्य आहे, ते खरं. पण गेटवे स्वतःच्या सेवेचे पैसे घेऊ शकतो आणि घेतो.

महिन्याची वर्गणी घ्यावी की फुकट योजनेत राहावं, तेही असंच मोजा. पेहिप या दुसऱ्या परदेशी प्लॅटफॉर्मचं उदाहरण घेऊ. फुकट योजनेत ५ टक्के, महिना २९ डॉलरच्या योजनेत २ टक्के, ९९ डॉलरच्या योजनेत शून्य. २९ डॉलर भरून ३ टक्के वाचतात, म्हणजे महिन्याला साधारण ९६७ डॉलरच्या वर विक्री असेल तरच ती वर्गणी वसूल होते. तेवढी माझी कधीच झालेली नाही. पेमेंट गेटवेचं शुल्क या सगळ्याच्या वर वेगळं असतं, हे मात्र विसरू नका.

'मर्चंट ऑफ रेकॉर्ड' असं काहीतरी लिहिलेलं असतं, ते काय?

कागदोपत्री विक्रेता कोण, तो प्रश्न आहे. साध्या गेटवेवर विक्रेते तुम्ही असता. बिल तुमचं, कर तुमचा, तक्रारही तुमची. मर्चंट ऑफ रेकॉर्ड असलेला प्लॅटफॉर्म तुमची वस्तू स्वतःच्या नावाने विकतो, त्या देशातला कर कापून तिथे भरतो आणि उरलेलं तुम्हाला देतो. लेमन स्क्वीझी पहिल्यापासून असंच चालतं, ५ टक्के अधिक ५० सेंट घेतं, आणि २०२४ मध्ये स्ट्राइपने ते विकत घेतलं. गमरोड १ जानेवारी २०२५ पासून या पद्धतीवर आलं.

याची गरज कुणाला? जिची गिऱ्हाइकं युरोपात किंवा इंग्लंडात आहेत तिला. बाहेरून तिथल्या सर्वसामान्य ग्राहकाला डिजिटल वस्तू विकली तर पहिल्या विक्रीपासूनच तिथला व्हॅट लागू होतो; आपल्याकडे आहे तशी वीस लाखांची सूट तिथे बाहेरच्या विक्रेत्याला नाही. तीन पौंडांच्या वहीसाठी इंग्लंडमध्ये करनोंदणी करायला मी जाणार नाही. ते ५० सेंट मला टोचतात, पण हे काम परस्पर होतं म्हणून देते.

ई-पुस्तक असेल तर सरळ ॲमेझॉनवर टाकू का?

कथा-कादंबरी, लेखसंग्रह असेल तर जरूर. किंडलवर डिसेंबर २०१६ पासून मराठी चालतं आणि केडीपीवर, म्हणजे ॲमेझॉनच्या स्वतः पुस्तक प्रकाशित करायच्या सेवेवर, खातं उघडायला पैसे लागत नाहीत. पण तीन गोष्टी डोळे उघडे ठेवून वाचा.

भारतातल्या विक्रीवर ७० टक्के रॉयल्टी हवी असेल तर पुस्तक 'केडीपी सिलेक्ट'मध्ये घालावं लागतं. नाहीतर ३५ टक्के. सिलेक्टमध्ये घातलं की ९० दिवस ते ई-पुस्तक दुसरीकडे कुठेही, स्वतःच्या साइटवरसुद्धा, विकता येत नाही. हा करार आपोआप पुढे चालू राहतो, ती खूण काढायला विसरू नका. आणि ७० टक्क्यांच्या योजनेत फाइलच्या आकारानुसार पोचवण्याचं शुल्क कापतात, ॲमेझॉन डॉट इनवर एका एमबीला ७ रुपये. नुसत्या मजकुराच्या पुस्तकाला हे जाणवत नाही. फोटो ठासून भरलेलं पाककृतींचं २० एमबीचं पुस्तक असेल तर १४० रुपये तिथेच गेले.

गिरवायची वही, प्लॅनर, रांगोळीचे नमुने यांचं तिथे काम नाही. किंडलवरून प्रिंट निघत नाही.

मराठी वाचकच हवा असेल तर पुण्याच्या बुकगंगाचाही विचार करा. त्यांचं स्वतःचं वाचन-ॲप आहे आणि तिथे येणारा माणूस मराठी पुस्तक शोधतच आलेला असतो.

एट्सीसारख्या गर्दीच्या बाजारात गेलं तर गिऱ्हाईक आपोआप येईल ना?

इंग्रजीत शोधलं जाणारं काही असेल तर येईल: वारलीचे नमुने, पैठणीच्या काठाची नक्षी, इंग्रजी-मराठी लग्नपत्रिका. तिथला मूळ दर असा: वस्तू मांडायला २० सेंट, तेही चार महिन्यांपुरते, विक्रीवर ६.५ टक्के, आणि एका वस्तूला जास्तीत जास्त पाच फायली, प्रत्येकी २० एमबीपर्यंत. 'मराठी गिरवणी' असं तिथे टाइप करणारं माझ्या तरी पाहण्यात कुणी नाही. माझी गिऱ्हाइकं व्हॉट्सॲप ग्रुपमधून, इन्स्टाग्रामवरून आणि मराठी मंडळांच्या मेलमधून येतात. गर्दी मीच आणते, तर त्या गर्दीचं भाडं दुसऱ्याला का भरू?

वस्तू मराठीत आहे, त्याने प्लॅटफॉर्म निवडताना काही फरक पडतो का?

खूप. खातं उघडण्याआधी ही परीक्षा घ्या: दुकानाच्या चाचणी-पानावर 'दऱ्याखोऱ्यांतल्या सुट्ट्या' असं नाव टाका. दऱ्यातला अर्धा र नीट दिसतो का, ट्ट फुटतो का, पानाच्या पत्त्यात त्या नावाचं काय होतं, आणि गिऱ्हाइकाला जाणाऱ्या मेलच्या विषयात प्रश्नचिन्हं तर येत नाहीत ना, ते बघा. मग स्वतःच एक रुपयाला वस्तू विकत घ्या आणि साध्या अँड्रॉइड फोनवर उघडा. तुमच्या लॅपटॉपवर नाही, शेजारणीच्या फोनवर.

फाइल जुन्या, नॉन-युनिकोड फॉन्टात टाइप केलेली असेल तर आधी ती युनिकोडमध्ये आणा. पीडीएफ दिसायला चांगली दिसते, पण त्यात 'पुरणपोळी' शोधली तर सापडत नाही, आणि मजकूर कॉपी केला की 'iqj.k' छापाचं काहीतरी निघतं. किंडलला तर ती चालणारच नाही.

फॉन्टच्या परवान्याकडेही बघा. मुंबईच्या 'एक टाइप' या फॉन्ट बनवणाऱ्या संस्थेचे 'मुक्त' आणि 'बालू' हे फॉन्ट खुल्या परवान्याखाली आहेत. ते वापरून केलेली वस्तू विकायला हरकत नाही, नुसता फॉन्ट मात्र विकता येत नाही. गिरवण्यासाठी अक्षराचं वळण महत्त्वाचं. राज्य सरकारच्या २००९ च्या शासन निर्णयात मराठीसाठी पाकळीचा ल आणि देठाचा श सांगितलेला आहे, पण पुष्कळ फॉन्टांत हिंदी वळण येतं. 'टिरो देवनागरी मराठी' या फॉन्टात मराठी वळणच येतं. माझ्या पहिल्या वहीत हिंदी वळणाचा ल गेला होता. साताऱ्याच्या एका निवृत्त शिक्षिकेने पैसे भरून वही घेतली आणि लाल वर्तुळं काढलेला फोटो परत पाठवला. परतावा मागितला नाही, पण मला तो फोटो जास्त झोंबला.

एकीने घेतली आणि सोसायटीच्या ग्रुपवर टाकली तर?

टाकणारच. हे गृहीत धरून किंमत ठेवा.

थोडा आवर घालता येतो. पेहिप आणि गमरोडवर पीडीएफवर घेणाऱ्याचा मेल आपोआप छापण्याची सोय आहे. प्रत्येक पानाच्या तळाशी स्वतःचा मेल दिसला की माणूस पुढे ढकलताना दोनदा विचार करतो. ही सोय नसेल तर डाउनलोड किती वेळा करता येईल त्याची मर्यादा तरी हवी. पासवर्ड घालू नका. पासवर्डही फाइलबरोबरच फिरतो, आणि खऱ्या गिऱ्हाइकाला तेवढा त्रास. मी वहीच्या शेवटच्या पानावर लिहिलं आहे, 'ही वही तुम्हाला मैत्रिणीने पाठवली असेल तर पुढची आमच्याकडून घ्या', खाली क्यूआर. त्या पानावरून विक्री होते.

जीएसटी नोंदणी करावी लागेल का?

मोघम सांगते, पक्कं तुमच्या सीएला विचारा. डाउनलोड होणारी वस्तू ही सेवा धरली जाते आणि सेवांसाठी महाराष्ट्र-गोव्यात वर्षाला २० लाखांपर्यंतच्या उलाढालीला नोंदणी लागत नाही. ई-कॉमर्समधून विकलं की पहिल्या रुपयापासून नोंदणी, असं जे ऐकू येतं ते मालाच्या बाबतीत. सेवा देणाऱ्या लहान विक्रेत्यांना २०१७ पासूनच त्यातून सूट आहे. मात्र वीस लाख मोजताना परदेशातली विक्रीही धरायची असते. नोंदणी झाल्यावर दर कोणता? ज्याची छापील आवृत्ती आहे अशा ई-पुस्तकाला ५ टक्के, बाकी डिजिटल वस्तूंना साधारण १८.

भारतीय ई-कॉमर्स प्लॅटफॉर्म विक्रीवर टीडीएसही कापतात. ऑक्टोबर २०२४ पासून तो १ टक्क्यावरून ०.१ टक्का झाला. व्यक्तीची वर्षाची विक्री ५ लाखांच्या आत असेल आणि पॅन दिलेला असेल तर तोही नाही. पॅन दिला नाही तर ५ टक्के, तेव्हा आळस नको. डॉलर आले की बँक पर्पज कोड, म्हणजे पैसे कशाचे ते सांगणारा क्रमांक, विचारते आणि परकी चलन जमा झाल्याचा दाखला देते. तो दर वेळी मागून ठेवा. मार्चमध्ये एकदम मागितले की बँकेतली माणसं तोंड वाकडं करतात.

खातं उघडताना काय अडतं?

नाव. माझ्या पॅनवर माहेरचं, पासबुकावर सासरचं आणि आधारवर तिसरंच, मधल्या नावाच्या जागी वडिलांचं आद्याक्षर. एका प्लॅटफॉर्मने खातं उघडून दिलं, दोन महिने विक्री होऊ दिली, आणि पहिल्यांदा पैसे काढायला गेले तेव्हा 'नाव जुळत नाही' म्हणून रक्कम अडकवली. ऐन दिवाळीच्या सुट्टीतली विक्री होती ती. मेलला उत्तर यंत्राचं. फोन नंबर नाही. गॅझेटची प्रत, लग्नाचा दाखला, प्रतिज्ञापत्र असं सगळं पाठवून सात आठवड्यांनी पैसे सुटले.

तेव्हा आधी पॅन आणि बँकेतलं नाव एक करून घ्या. आणि कुठल्याही नव्या प्लॅटफॉर्मवर पहिल्या आठवड्यातच शे-दोनशे रुपये काढून बघा. आत पैसे घेणारे सगळेच असतात. बाहेर किती दिवसांनी देतात, ते त्या एका फेरीत कळतं.

त्यापेक्षा स्वतःची वेबसाइट काढली तर?

वर्डप्रेस आणि वूकॉमर्स फुकट आहेत. वस्तूसमोर 'डाउनलोडेबल' अशी खूण केली की किती वेळा आणि किती दिवस डाउनलोड करता येईल तेही ठरवता येतं. पण होस्टिंग, डोमेन, अपडेट, रविवारी दुपारी बंद पडलेलं पान, हे सगळं तुमच्या गळ्यात. घरात कुणी तांत्रिक माणूस असेल तर करा. शॉपिफाय सोपं आहे, पण त्यांचं स्वतःचं पेमेंट भारतात नाही, त्यामुळे गेटवेच्या शुल्कावर त्यांचं आणखी शुल्क लागतं; चार पीडीएफसाठी ते नाकापेक्षा मोती जड.

कुठल्याही गेटवेला साइटवर परतावा, गोपनीयता, अटी आणि संपर्क अशी चार पानं लागतात. ती नसली की अर्ज परत येतो.

व्हिडिओ कोर्स विकायचा असेल तर हेच सगळं लागू का?

नाही, तो वेगळा धंदा आहे. तिथे चोरीपासून संरक्षण, विद्यार्थ्याची प्रगती, थेट वर्ग असं बघावं लागतं. यूट्यूबची 'अनलिस्टेड' लिंक म्हणजे कुलूप नव्हे, एवढं मात्र सांगते.

'पैसे परत द्या' म्हणालं कुणी तर?

मी कारण न विचारता देते. ९९ रुपयांसाठी वाद घातला तर ती बाई ग्रुपवर माझ्याबद्दल जे लिहील ते महाग पडतं. परदेशी कार्डवाल्याने तर नक्की द्या. तो बँकेकडे गेला आणि बँकेने पैसे परत खेचले (याला चार्जबॅक म्हणतात) की त्याचा दंड वेगळा बसतो. २०२० चे ई-कॉमर्सचे ग्राहक संरक्षण नियम डिजिटल वस्तूंनाही लागू आहेत, त्यामुळे 'डाउनलोड झालं, आता काही नाही' एवढं लिहून हात झटकता येत नाहीत. फाइल उघडत नसेल किंवा वर्णनापेक्षा वेगळी निघाली तर चूक आपलीच. प्लॅटफॉर्मवर परतावा देताना कमिशन परत मिळतं की बुडतं, ते आधी वाचून ठेवा.

उद्या तो प्लॅटफॉर्मच बंद पडला किंवा दर वाढवले तर?

म्हणून खातं उघडायच्या आधी एकच बटण शोधायचं: गिऱ्हाइकांची यादी डाउनलोड करता येते का. नाव, मेल, काय घेतलं, केव्हा घेतलं. काही ठिकाणी ही यादी मिळतच नाही. ॲमेझॉनवर तुमचं पुस्तक कुणी घेतलं हे तुम्हाला कधीच कळत नाही. पहिलं दुकान उठवलं तेव्हा माझ्याकडे ४१२ मेल होते. नव्या दुकानाची लिंक त्या सगळ्यांना एकाच संध्याकाळी गेली आणि दोन दिवसांत नव्या ठिकाणी विक्री सुरू झाली. दुसरं उठवलं तेव्हा यादी देण्याची सोयच नव्हती. तिथली गिऱ्हाइकं कोण होती ते मला आजही माहीत नाही, त्यांतल्या साताऱ्याच्या बाई सोडल्या तर.

आता मी दर महिन्याच्या एक तारखेला, गॅसचा नंबर लावते तेव्हाच, दोन्ही दुकानांची यादी उतरवून पेनड्राइव्हवर टाकते.